मंगळवारी निलो आजीकडे

यंदा उन्हाळ्यात निवांत सुट्टी घ्यायची, असं हेलीनं जानेवारीत जाहीर केलं तेव्हा खिडकीबाहेर उणे वीस होतं. मे उजाडेपर्यंत त्या निवांतपणाची पाच पानं झाली होती. इस्पितळात नर्सबायांच्या पाळ्या लावायचं काम तिच्याकडे होतं, आणि बाई घरी आली तरी काम अंगातून उतरत नसे. फिनलंडमधल्या आपल्या सालो गावाहून तुर्कू, तुर्कूहून जहाजानं स्टॉकहोम, तिथे तीन मुक्काम. मग दुसऱ्या जहाजानं तालिन, तिथे दोन. संग्रहालयं निळ्या रंगात, जेवणं हिरव्या, आणि जिथे काहीच करायचं नाही ते चौकोन पिवळे. पिवळ्या चौकोनात लिहिलं होतं, "निवांत".

"अकरा ते एक निवांत," रविवारच्या कॉफीला हेलीनं पानं टेबलावर मांडली.

"आणि एक वाजल्यावर?" यार्मोनं, म्हणजे तिच्या नवऱ्यानं, विचारलं. मोबाइलच्या कारखान्यात काम करणारा हा आडदांड माणूस दिवसाला मोजून वीस वाक्यं बोलायचा, त्यातली पंधरा बायकोची खोडी काढण्यात जायची.

"एकला जेवण."

"मला दीडपर्यंत निवांत वाटत राहिलं तर?"

"तर राहा उपाशी."

दहा वर्षांची वेन्ला खुसखुसली. चार वर्षांचा निलो टेबलाखाली गाडी फिरवत होता. यार्मोची आई हिल्का वेलचीच्या पावाचा तुकडा कॉफीत बुडवून बसली होती. सत्तरीची, ताठ कण्याची, दर रविवारी बरोबर दोन वाजता येणारी. तिनं चष्मा लावून तक्ता जवळ ओढला आणि बोट फिरवत एकेक दिवस वाचला. स्टॉकहोमच्या मंगळवारी बोट थांबलं.

*मंगळवार, दहा ते तीन. हेली, यार्मो, वेन्ला : जुन्या जहाजाचं संग्रहालय. आजी, निलो : बाग. निवांत.*

कॉफीतला पाव विरघळून तळाशी गेला तरी तिच्या लक्षात आलं नाही.

"मी काही येत नाही," ती म्हणाली. "टोमॅटोंना पाणी कोण घालणार?"

"आजी, शेजारची पिर्को घालेल. मी विचारलंय तिला," हेली म्हणाली. तिनं पिर्कोचाही तक्ता केला असणार.

"पिर्को बुडवून मारते झाडं."

"आई, तू कॅनरी बेटांवर गेलीस तेव्हा टोमॅटो नाही आठवले," यार्मो म्हणाला.

"तो नोव्हेंबर होता."

"तुझं आपलं काहीतरी. तालिनला चार वेळा गेलीस, पार लेनिनग्राडला जाऊन आलीस. इथं जहाजात बसलं की सकाळी स्टॉकहोम, आणि तेवढं नको." मग तो मान खाली घालून म्हणाला, "चौसष्ट वर्षं झाली, आई. आता बोटींवर कुणी बॉम्ब टाकत नाही."

त्या विषयावरचं हे त्याचं आयुष्यातलं बहुधा तिसरं वाक्य. हिल्का युद्धात स्वीडनला पाठवलेल्या हजारो पोरांपैकी एक, हे घरात सगळ्यांना माहीत होतं. तिचा धाकटा भाऊ ओस्मो तिकडेच गेला, हेही माहीत होतं. सालोच्या दफनभूमीत हिल्काच्या आईबापांच्या दगडावर तिसरं नाव आहे, ओस्मो, १९४१–१९४४, आणि त्या नावाखाली जमिनीत कुणीही नाही. नाताळात तिथे तिघांसाठी तीन मेणबत्त्या लावायच्या, गप्प उभं राहायचं, आणि गारठलो की घरी यायचं. विचारायचं नाही आणि सांगायचं नाही. आमच्याकडे यालाच समजूतदारपणा म्हणतात, आणि त्या समजूतदारपणानं किती घरं आतून पोखरलीत त्याची गणती कुणी ठेवली नाही.

"ज्याला त्याला वाटतं तुझा हात धरून फिरावं," हेली समजुतीनं म्हणाली. "निलोनं तर ठरवूनच टाकलंय. हो ना रे?"

"आजी आणि मी बदकं बघणार," टेबलाखालून आवाज आला.

हिल्कानं चमच्यानं कपातला लगदा ढवळला. "बघू," ती म्हणाली. हेलीनं ते होकारार्थी धरलं आणि पान फ्रीजवर लावून टाकलं.

खरी गोष्ट हिल्कानं उभ्या जन्मात कुणाला सांगितली नव्हती.

फेब्रुवारी चव्वेचाळीस. तुर्कूच्या धक्क्यावर आईनं दोघांच्या गळ्यात पुठ्ठ्याचे बिल्ले अडकवले. हिल्का सहा वर्षांची, नंबर चारशे बारा. ओस्मो तीनचा, नंबर चारशे तेरा. तेव्हा सुतळीसुद्धा मिळत नव्हती, सगळं कागदाचं. बिल्ल्याची दोरीही कागद पिळून केलेली. आई म्हणाली होती, "हात सोडू नकोस त्याचा. आणि बिल्ला काढू देऊ नकोस." एवढं बोलून ती मागे वळली ती वळलीच. पोरांनी आपलं रडणं बघू नये म्हणून सगळ्याच आया तशा वळल्या होत्या.

बोटीवर ती दोरी ओस्मोच्या मानेला काचायला लागली. मान लाल झाली, मग सोलवटली. तो रडायचा थांबेना. बाजूची पोरं ओरडायला लागली, एका मोठ्या मुलानं लाथ मारली. मग हिल्कानं दोरी त्याच्या डोक्यावरून काढली आणि बिल्ला आपल्या लोकरी हातमोज्यात कोंबला. ओस्मो तिच्या मांडीवर डोकं ठेवून झोपला. आपण शहाण्यासारखं वागलो असं तिला वाटलं होतं.

स्टॉकहोमला उतरल्यावर उवा मारायला सगळ्यांचे कपडे उतरवले, पिशव्यांत भरून भट्टीत नेले. हातमोजाही गेला. मुली एका रांगेत, मुलगे दुसऱ्या. संध्याकाळी कपडे परत मिळाले तेव्हा बिल्ला हातमोज्यातच होता, थोडा करपलेला. ओस्मो नव्हता. चारशे तेरा नंबरचं मूल आलंच नाही, अशी यादीत नोंद झाली. आणि नाव-गाव नसलेला तीन वर्षांचा एक पोरगा कुठल्यातरी गाडीतून कुठेतरी गेला.

म्हणून हिल्का स्वीडनला जात नव्हती. बॉम्बचा काय संबंध? ओस्मो मेला असेल असं तिला कधी वाटलंच नाही. त्या शहरात सदुसष्ट वर्षांचा कुणीही म्हातारा समोरून येईल, पाव विकत घेत असेल, नातवाला झोपाळ्यावर झोका देत असेल, आणि त्याच्या मानेकडे आपण बघत राहू, ही तिची भीती होती. आणि आता तिथेच, त्याच शहरात, तिच्या हातात चार वर्षांचं पोर द्यायचं ठरलं होतं. सांगावं, तर कुठली आई अशा बाईकडे आपलं मूल सोपवेल? न सांगावं, तर मंगळवार येणारच होता.

ती बुधवारपासून सराव करायला लागली.

हे ऐकायला वेडेपणाचं वाटेल, पण तिनं खरंच तसं केलं. बुधवारी आणि शनिवारी निलोला घेऊन ती सालोच्या बाजारात जायची. चौकाच्या एका टोकाला मासळीवाला, दुसऱ्या टोकाला नव्या बटाट्यांची गाडी. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत हात न सोडता जायचं आणि यायचं. पैसे द्यायला पाकीट डाव्या हातानं काढायचं. पहिल्या दिवशी निलो म्हणाला, "आजी, माझा हात दुखतोय." तिनं बघितलं तर त्याच्या बोटांवर तिच्या अंगठीचा वळ उठला होता. पुढच्या वेळी ती अंगठी घरी ठेवून आली.

तिसऱ्या आठवड्यात तिला जमायला लागलं. निलो बडबड करायचा, बदकं काय खातात, बदकांना सुट्टी असते का, असली. ती उत्तरं द्यायची. एकदा तर ती हसली, आणि हसताना पकड सैल झाली, तरी पोर जागेवरच होतं. त्या दिवशी घरी येताना तिच्या मनात एक विचार आला आणि ती रस्त्यातच उभी राहिली. दहाला मूल हातात घ्यायचं आणि तीनला त्याच्या आईच्या हातात परत द्यायचं. एवढंच. त्या शहरात एकदा एवढं जमलं, तर चौसष्ट वर्षांचं ओझं थोडं तरी हलेल. ज्या मंगळवारचा तिनं धसका घेतला होता, त्याची ती वाट बघायला लागली. पिर्कोला स्वतः जाऊन टोमॅटोंच्या काचघराची किल्ली देऊन आली.

युहान्नुसची, म्हणजे भर उन्हाळ्यातल्या सणाची, होळी पेटली, विझली, तळ्याकाठचे डास पोटभर जेवले, आणि जूनच्या शेवटच्या रविवारी हेलीनं एक पाकीट उघडलं. आत दोन आयकार्डं. लॅमिनेट केलेली, मुलाचं नाव, आईबापाचे फोन नंबर, सगळं तीन भाषांत. निळ्या नाडीत ओवलेली.

"जहाजावर आणि दोन्ही शहरांत गळ्यात पाहिजेत," तिनं बजावलं. "आजी, याला जरा घालून फिरव, सवय होऊ दे. मी कपडे वाळत घालून येते."

हिल्का नाडीला हात लावायला कचरली. पण तिनं आयकार्ड निलोच्या गळ्यात घातलं, मागे नाडी सरळ केली, तिच्यावर शर्टाची कॉलर नीट बसवली. यार्मो वेन्लाला घेऊन सौनाच्या, म्हणजे वाफेच्या न्हाणीच्या, भट्टीसाठी लाकडं फोडत होता. घरात दोघंच. निलो दोन मिनिटं मिरवला. मग त्यानं मान वाकडी केली.

"खुपतं."

"राहू दे. सवय होईल."

"खुपतं ना, आजी!" त्यानं ते डोक्यावरून काढलं आणि तिच्या स्वेटरच्या खिशात टाकलं. "तू ठेव."

हे दोन शब्द त्यानं म्हणायला नको होते, पण त्याला बापड्याला काय माहीत. हिल्कानं त्याचं मनगट धरलं, खिशातून कार्ड काढलं आणि त्याच्या गळ्यात पुन्हा अडकवलं. तो ओढायला लागला, तशी तीही ओढायला लागली. "काढायचं नाही! काढायचं नाही म्हटलं ना!" ती ओरडत होती, आणि ओरडणं फिनिशमध्ये सुरू होऊन मधेच स्वीडिशमध्ये गेलं. ती भाषा तिच्या तोंडून त्या घरात कुणी कधी ऐकली नव्हती. नाडी निलोच्या मानेवर घासली. तो किंचाळला.

हेली दारात उभी होती, हातात ओली चादर. तिनं पोराला उचललं, मान बघितली. लाल रेघ उठली होती.

"तुला काय झालं, आजी?"

हिल्का जमिनीवर गुडघ्यांवर बसली होती. सगळं एकदम बाहेर आलं. धक्का, कागदाची दोरी, सोलवटलेली मान, हातमोजा. हेली मुलाला कडेवर घेऊन ऐकत राहिली. मग तिनं त्याला बाहेर बापाकडे पाठवलं आणि हिल्काजवळ खाली बसली.

"तू सहा वर्षांची होतीस गं," ती म्हणाली. "सहा! तुझी काय चूक? त्या मोठ्या माणसांनी बघायला नको?"

इथे हिल्का गप्प बसली असती तर कदाचित सगळं निभावलं असतं. पण दार एकदा उघडलं होतं, आणि तिला अर्धवट माफी नको होती.

"विचारलं होतं मला," ती म्हणाली.

"कुणी?"

"आमच्याबरोबर आपलीच एक बाई आली होती, फिनिश. ओस्मोला कडेवर घेऊन दारात आली. टॉवेलात गुंडाळलेला होता. ती म्हणाली, याचा बिल्ला नाहीये, हा कुणाचा? मी पहिल्या बाकावर होते. इथून त्या भिंतीपर्यंत असेल. ओस्मोनं मला बघितलं, हात पुढे केला."

"मग?"

"बिल्ला मी काढला होता ना. आईनं काढू नको सांगितलं होतं. मार बसेल म्हणून मी खाली बघितलं. तिनं परत विचारलं, कुणाचा आहे हा? मी मनात म्हटलं, आता नको, मग सांगू. सगळ्यांसमोर नको." तिनं जमिनीवरची निळी नाडी उचलली आणि बोटाला गुंडाळली. "ती गेली त्याला घेऊन. मग परत विचारायला कुणी आलंच नाही."

हेलीनं तिला मिठी मारली. त्या दोघींनी वीस वर्षांत एकमेकींना लग्न आणि दोन बारशी सोडून मिठी मारली नव्हती. हेली रडत होती. हिल्का नाही रडली, पण तिला छातीत इतकं हलकं वाटलं की आपण पडू की काय असं झालं. सांगून टाकलं, आणि छत कोसळलं नाही. घरी जाऊन ती भर दुपारी झोपली.

गुरुवारी यार्मो न सांगता आला. शिडी लावून त्यानं तिच्या छपराची पन्हळ साफ केली, दोन खिळे मारले, जिथे काहीच मोडलं नव्हतं तिथे तीन तास काढले. मग हात धुऊन स्वयंपाकघरात उभा राहिला.

"तुझ्या आईला माहीत होतं?"

"नाही."

"कधीच नाही?"

"मी परत आले तेव्हा आठ वर्षांची होते. फिनिश विसरले होते. ती धक्क्यावर काय काय विचारत होती, मला त्यातला एक ओस्मो शब्द कळला. सांगायचं तर कुठल्या भाषेत सांगू? आणि भाषा परत आली तोवर गप्प बसायची सवय लागली." तिनं त्याच्यापुढे टॉवेल धरला. "आठ वर्षं पत्रं लिहिली तिनं. सगळ्या कचेऱ्यांना. पेटीत टाकायला मीच जायचे."

यार्मोनं मान हलवली. त्याला आणखी काहीतरी म्हणायचं होतं हे दिसत होतं, पण त्याचं त्या दिवसाचं बोलणं संपलं होतं. जाताना त्यानं दार फार हळू लावलं, आजारी माणसाच्या खोलीचं लावतात तसं.

रविवारी बरोबर दोन वाजता हिल्का पोचली. बाजारात पहिली स्ट्रॉबेरी आली होती, ती घेऊन. मंगळवारची बॅगसुद्धा तिनं मनातल्या मनात भरून ठेवली होती, बदकांसाठी ओट, निलोसाठी जादा मोजे. हेलीनं नेहमीपेक्षा जास्त लगबगीनं कॉफी ओतली. वेन्ला नजर चुकवत होती. पोरांना कोण काय सांगतं ते देव जाणे, पण त्यांना सगळं कळलेलं असतं.

फ्रीजवर नवं पान होतं. हेलीनं फक्त एक ओळ बदलली होती.

*मंगळवार, दहा ते तीन. हेली, यार्मो, वेन्ला, निलो : जुन्या जहाजाचं संग्रहालय. आजी : निवांत.*

पिवळा चौकोन. बाकी सगळं जिथल्या तिथे.

"तुलाच त्रास नको म्हणून," हेली घाईघाईनं म्हणाली. "आधीच त्या शहरात जायचं म्हणजे... तू बागेत बस, कॉफी पी. कसलं दडपण नको, कसली जबाबदारी नको. आणि हे बघ, नाडीच्या जागी मी मऊ कापडाचा पट्टा शिवलाय. आता खुपणार नाही."

तिच्या आवाजात खोटेपणा नव्हता. ती मनापासून बोलत होती, तिला हिल्काची दया आली होती, आणि तिनं आपलं मूल काढून घेतलं होतं. या तिन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या होत्या. हिल्काला तिचा राग आला नाही. तिनं चौसष्ट वर्षं हिशेब केला होता की सांगितलं तर काय जाईल, आणि बरोबर तेवढंच गेलं होतं. माणसाचा अंदाज इतका अचूक निघावा याचं तिला फार वाईट वाटलं.

"चांगलं केलंस," ती म्हणाली.

तिनं पट्टा हातात घेतला, दोन्ही टोकांची शिवण ओढून बघितली. पक्की होती. यार्मो खिडकीतून बाहेर बघत उभा होता.

"म्हणजे आजी बदकं बघायला नाही?" निलोनं विचारलं. तो तिच्या खुर्चीजवळ येऊन उभा राहिला होता आणि बाजारात जाताना धरायचा तसा त्यानं तिचा हात धरला होता, आपणहून, सवयीनं. मानेवरची रेघ आता जवळजवळ गेली होती.

"आजी दमते रे," हेली म्हणाली. ती कॉफीची किटली हातात धरून त्या दोन हातांकडे बघत होती. "निलो, इकडे ये बघू माझ्याकडे."

निलो हलला नाही. त्यानं वर आजीकडे बघितलं, आता आजी काहीतरी म्हणेल म्हणून.

हिल्कानं खाली स्ट्रॉबेरीच्या वाडग्याकडे बघितलं आणि बोटं सैल केली.